हरवलं ते नवऱ्यालाही!

तुमचा लेख छान, पण त्यात ब्रिटिश फिगर स्केटर (बर्फावर स्केट्स घालून गिरक्या-उड्या मारणाऱ्या खेळाडू) मॅज सायर्सना '१९०८ च्या ऑलिंपिक विजेत्या' एवढ्यावरच उरकलंत, हे पटलं नाही. खरी गंमत १९०२ ची. लंडनच्या जागतिक फिगर स्केटिंग स्पर्धेत बायकांना मनाई नव्हती, कारण कुणी बाई उतरेल हे कुणाच्या डोक्यातच आलं नव्हतं! या उतरल्या आणि थेट दुसऱ्या आल्या, स्वीडनच्या उलरिक साल्कोवच्या मागोमाग. मग काय, पुढच्याच वर्षी बंदी. म्हणे लांब स्कर्टमुळे पाय दिसत नाहीत, गुण कसे द्यायचे? (बाई तर आखूड स्कर्ट घालून खेळायच्या.) १९०४ च्या ब्रिटिश स्पर्धेत त्यांनी मागे टाकलं ते नवऱ्याला, एडगरना. त्याच एडगरसोबत १९०८ ला जोडीचं कांस्यपदकही! १९१७ मध्ये गेल्या, चाळिशीसुद्धा न गाठता.