टी कुठं संपतो?

हर्नियाच्या ऑपरेशनआधी फिटनेस लागतो, म्हणून ईसीजी काढला. फिजिशियन दुसऱ्या दिवशी भेटणार होते, म्हणजे तो गुलाबी चौकटींचा कागद रात्रभर घरात. सोलापूरच्या पूर्व भागात हे धोक्याचं. शेजारचे अण्णा जन्मभर जेकार्ड मागावरच्या चादरींच्या नक्षीचे ग्राफ काढत आलेत. चौकट दिसली की मोजल्याशिवाय त्यांना घास उतरत नाही.

कागद उडतो म्हणून त्यांनी आधी पंखा बंद करायला लावला. मे महिना!

"कागद सेकंदाला २५ मिलिमीटर पळतो, म्हणजे बारीक चौकट ०.०४ सेकंदाची," बारावी सायन्सवाल्या मुलीनं सांगितलं. टोकदार लाट ती क्यूआरएस, म्हणजे जवनिकांत (हृदयाच्या खालच्या कप्प्यांत) वीज पसरली. ते काम तीन बारीक चौकटींच्या आत उरकावं लागतं. माझं दोनातच उरकलं होतं. अण्णांनी पास केलं.

घोडं अडलं टीवर. जवनिका पूर्वपदावर येतात ती ही लाट. क्यूआरएसमधल्या क्यूच्या सुरुवातीपासून टीच्या शेवटापर्यंतचा वेळ म्हणजे क्यूटी. सुरुवात कुणालाही सापडते, पण टी उतरतो निरोप घेणाऱ्या पाहुण्यासारखा: निघाला म्हणावं तर उंबऱ्यात उभाच.

अण्णा म्हणाले नऊ चौकटी, मेहुणे म्हणाले दहा. आकडा मशीननं वर छापला होता, पण अण्णा ऐकतात होय? "मशीनला काय कळतंय ओ? धागा तुटला तरी माग चालतोच की."

"एका चौकटीनं काय होतंय?" ही म्हणाली.

होतं ना! बॅझेट नावाच्या शरीरक्रियातज्ज्ञानं १९२० साली सूत्र दिलंय: क्यूटीला दोन ठोक्यांमधल्या वेळाच्या वर्गमुळानं भागायचं. माझे ठोके ०.८ सेकंदांवर. नऊ धरले तर उत्तर ०.४०, दहा धरले तर जवळपास ०.४५, आणि पुरुषाला साधारण तिथंच हद्द, त्यापुढं क्यूटी लांबलेला. अण्णांच्या हिशोबानं मी ठणठणीत, मेहुण्यांच्या हिशोबानं कुंपणावर. (मेहुण्यांचं माझ्याबद्दलचं मत लग्नापासून असंच आहे.)

मुलीनं तोडगा काढला. टीच्या सगळ्यात तीव्र उताराला लागून रेघ मारायची, ती तळरेषेला छेदेल तिथं शेवट. पट्टी सापडेना, म्हणून शेंगाचटणीच्या पाकिटाची कड धरली. आले साडेनऊ! शिवाय व्ही-दोनवर, म्हणजे कागदावरच्या एका आलेखावर, तेलाचा डाग.

सकाळी डॉक्टरांनी कागदावरून नजर फिरवली, डाग चुकवून सही केली. "फिट."

अण्णा फाटकातच उभे. "काय म्हणाले? नऊ का दहा?"

"काही नाही. बघितलं आणि सही केली."

"मोजलंच नाही?" अण्णांचा चेहरा पडला. "दुसऱ्या डॉक्टरला दाखवा की ओ."