किल्ला गिऱ्हाइकाच्या खिशात आहे

गेले काही दिवस एक लांबलचक मेसेज सिंधुदुर्गातल्या धंदेवाल्यांच्या ग्रुपवर फिरतोय. आंबेवाले, होमस्टेवाले, तारकर्लीचे स्कूबावाले, सगळ्यांनी तो मला पाठवला, कारण यातल्या बऱ्याच जणांची अ‍ॅप्स माझ्याच हाताखालून जातात. मेसेजचं म्हणणं थोडक्यात असं: अ‍ॅपचा कोड ऑब्फस्केट करून घ्या, म्हणजे मुद्दाम दुर्बोध करून घ्या, की तो कोणालाच वाचता येणार नाही. मग पेमेंटच्या गुप्त किल्ल्या, म्हणजे पेमेंट कंपनी देते ते पासवर्डसारखे कोड, अ‍ॅपमध्येच ठेवल्या तरी हरकत नाही. आयफोनवर तर एवढंही करायला नको. आणि हे सगळं एका ओळीत, फुकटात होतं. वर दाखला सिंधुदुर्ग किल्ल्याचा: मुख्य दरवाजा समुद्रातून ओळखू येत नाही, म्हणून किल्ला सुरक्षित.

ऑब्फस्केशन मी स्वतः प्रत्येक अ‍ॅपला लावतो. तरीही या मेसेजमधलं एकही विधान जसंच्या तसं मान्य करता येत नाही.

आधी ‘वाचता येणार नाही’ हे घेऊ. अँड्रॉइडवर हे काम पूर्वी प्रोगार्ड नावाचं साधन करायचं, २०१९ पासून आर-८ नावाचं करतं. ते न वापरलेला कोड काढून टाकतं आणि उरलेल्याची नावं बदलतं. मी ‘भाडं काढणारा’ अशा अर्थाचं नाव दिलेल्या क्लासचं, म्हणजे कोडच्या एका गठ्ठ्याचं, नाव नुसतं ‘ए’ होतं, आतल्या फंक्शनचं ‘बी’. पण नाव गेलं तरी काम तेच राहतं. जॅडएक्स नावाचं, तयार अ‍ॅपमधून कोड परत बाहेर काढणारं फुकट साधन घेऊन मी माझंच एक अ‍ॅप उघडलं. ए, बी, सी यांचं नुसतं रान दिसलं खरं. मग ‘कूपन’ हा शब्द शोधला आणि तिसऱ्या मिनिटाला सवलत मोजणाऱ्या कोडवर पोचलो. कारण सर्व्हरकडे जाणाऱ्या माहितीच्या रकान्यांची नावं बदलून चालत नाहीत, सर्व्हर त्याच नावांची वाट बघत असतो. सर्व्हरचा पत्ता, कोडमध्ये लिहिलेले मजकूर, हेही उघडेच राहतात. आर-८ त्यांना हात लावत नाही. फ्लटर हे साधन वापरून अ‍ॅप करणाऱ्यांनी तर त्याची अधिकृत माहितीच वाचावी. तिथे स्पष्ट लिहिलंय की ऑब्फस्केशन फक्त नावं बदलतं, रिव्हर्स इंजिनिअरिंगपासून, म्हणजे तयार अ‍ॅप उलटं उकलण्यापासून, संरक्षण देत नाही.

महागडी साधनं मजकूर एन्क्रिप्ट करतात, कोडचा प्रवाह वाकडातिकडा करतात. वेळ वाढतो, हे कबूल. पण चालताना अ‍ॅपला तो मजकूर उलगडावाच लागतो, आणि फ्रिडासारखं साधन नेमकं त्याच क्षणी डोकावतं. कोणताही प्रोग्राम पूर्णपणे काळी पेटी, म्हणजे आतलं काहीच न कळणारी, करून टाकणारं सर्वसाधारण तंत्र असू शकत नाही, हे संगणकशास्त्रज्ञ बोआझ बराक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००१ मध्ये गणिताने सिद्ध केलंय.

आता किल्ला. दरवाजा ओळखू येत नाही हे खरं, होडी अगदी जवळ गेल्याशिवाय कळत नाही. पण तो उपयोगी पडायचा कारण शत्रू खाली लाटांवर आणि तटावर माणसं तोफा घेऊन उभी. अ‍ॅपच्या बाबतीत आपण अख्खा किल्ला गिऱ्हाइकाच्या खिशात घालून देतो. तो घरी जाऊन, चहा पीत, एकेक चिरा काढून बघू शकतो. तटावर कोणीच नाही.

किल्ल्यांचा मुद्दा, म्हणजे कुलपाच्या किल्ल्यांचा, सगळ्यात घातक आहे. माझीच चूक सांगतो. मालवणातल्या एका होमस्टेच्या अ‍ॅपमध्ये मी भाडं फोनवर मोजून ती रक्कम सर्व्हरला पाठवत होतो. ऑब्फस्केशन चालू होतं. एक दिवस दोन रात्रींचं बुकिंग आलं, रक्कम रुपये १. बुकिंग करणारा मुलगा इंजिनिअरिंगचा विद्यार्थी. आला, पूर्ण पैसे मोजून दिले, आणि रात्री सोलकढी पिता पिता त्यानेच मला सांगितलं की त्याने माझा कोड उघडलाच नव्हता. स्वतःच्या रूट केलेल्या, म्हणजे कंपनीची बंधनं काढलेल्या, फोनवर अ‍ॅप आणि सर्व्हरच्या मध्ये प्रॉक्सी, म्हणजे जाणारी-येणारी माहिती अडवणारा मध्यस्थ प्रोग्राम, लावली, जाणारा आकडा बदलला, संपलं. माझ्या ए-बी-सीच्या रानात त्याला शिरावंच लागलं नाही.

म्हणून भाव सर्व्हरनेच ठरवायचा. पेमेंटची ऑर्डर सर्व्हरवर तयार करायची, पैसे आल्याची डिजिटल सही तिथेच तपासायची, आणि गुप्त किल्ली तिथून हलवायची नाही. अ‍ॅपमध्ये फक्त सार्वजनिक किल्ली. नकाशाची किल्ली अ‍ॅपमध्ये ठेवावी लागते, पण तिला पॅकेजचं नाव आणि सहीच्या सर्टिफिकेटचा ठसा यांची अट घालता येते, म्हणजे ती फक्त आपल्याच अ‍ॅपसाठी राखता येते. सांकेतिक लेखनाची पद्धत शत्रूला कळली तरी बिघडू नये, गुपित फक्त किल्लीत असावं, हे संकेतलेखनाचा अभ्यासक केर्कहॉफ्स १८८३ मध्ये सांगून गेला. आपण किल्लीच दारावर टांगतो.

आयफोनचं दोन वाक्यांत: स्टोअरवरून येणारं अ‍ॅप एन्क्रिप्ट असतं, पण चालवताना ते मेमरीत उलगडतं आणि जेलब्रेक केलेल्या (अ‍ॅपलची बंधनं तोडलेल्या) फोनवरून काढून घेता येतं. ऑब्जेक्टिव्ह-सी या भाषेत लिहिलेल्या अ‍ॅपमध्ये तर क्लासची आणि मेथडची (फंक्शनची) नावं तयार फाइलमध्येच असतात.

राहिलं ‘एका ओळीत, फुकटात’. ओळ एकच, पण पुढचं निस्तरणं कोणी सांगत नाही. ऐन एप्रिलात एका हापूसच्या अ‍ॅपची नवी आवृत्ती सोडली. माझ्या टेबलावर झकास चालत होती, गिऱ्हाइकांकडे मात्र आंब्यांची यादी कोरी. सर्व्हरकडून आलेली माहिती ज्या रकान्यांत भरायची त्यांचीच नावं आर-८ ने बदलली होती आणि मी ती राखून ठेवायचा नियम लिहायला विसरलो होतो. दुसऱ्या एका अ‍ॅपची मॅपिंग फाइल, म्हणजे कोणत्या नावाचं काय झालं याची यादी, मी लॅपटॉप बदलताना गमावली. तेव्हापासून त्या जुन्या आवृत्तीचे क्रॅश रिपोर्ट मलाच वाचता येत नाहीत. चोराला तीन मिनिटं लागतात, मालकाला दोन दिवस!

मग लावायचं कशाला? अ‍ॅप आटोपशीर होतं, आमच्या घाटातल्या नेटवर्कवर लवकर उतरतं. आणि कोड उचलून नक्कल करणाऱ्याचे कष्ट वाढतात. माझ्या लेखी एवढं पुरेसं आहे.

मेसेज पाठवणाऱ्यांतल्या देवगडच्या एका बागायतदार काकांचं अ‍ॅप दुसऱ्याच कोणीतरी करून दिलंय. त्यांना विचारून ते उघडलं. पेमेंटची गुप्त किल्ली तशीच्या तशी आत. लगेच फोन लावला.

“मगे आता काय करूचा?”

“किल्ली बंद करा, काका. नवी काढा, पण ती सर्व्हरवरच ठेवायला सांगा. तोपर्यंत ऑर्डर फोनवर घ्या.”

“आत्ता? मी पेट्यो भरतंय.”

“आत्ताच.”