७५ ए आणि चुकून आलेल्या

दक्षिण कोरियात, सोलच्या भुयारी बाजारातल्या ब्राच्या दुकानांच्या मते जगात बायका दोनच प्रकारच्या: ७५ ए आणि चुकून आलेल्या. बऱ्याच ठिकाणी घालून बघू देत नाहीत. म्हणून माझा आग्रह, मापं घरूनच घेऊन निघा.

श्वास सोडून छातीखाली टेप घट्ट धरा. समजा ७७ सेंमी, पट्टा ७५चा. मग कमरेत वाकून सर्वांत भरलेल्या भागावरून टेप सैल फिरवा. समजा ९२. फरक १५. तिथे १०च्या फरकाला कप ए, पुढे दर अडीच सेंमीला एक अक्षर, म्हणजे तुम्ही सी. हीच बाई आपल्याकडे ३४ बी मागते, कारण आपले बरेच दुकानदार छातीखालच्या इंचांत अजून चार मिळवतात. सी ऐकून काहीजणी इकडेतिकडे बघतात. अहो, वजाबाकी आहे ती, लाजायचं काय?

विक्रेती गोड हसून सांगते, ७५ सी नाही, ८० बी घ्या. कपात जागा तेवढीच, पण पट्टा सैल. दुपारपर्यंत तो पाठीवर वर चढतो, वजन खांद्यांवर येतं, आपण खांद्याच्या पट्ट्या आवळतो आणि तो आणखी चढतो. नवी ब्रा सर्वांत बाहेरच्या हुकावरच घट्ट बसायला हवी. आतले हूक इलास्टिक ढिलं पडल्यावर लागतात.

मग पॅड. फोमचा कप स्वतःचा आकार घेऊनच येतो, आपण त्यात भाडेकरू. वर पोकळी दिसली की लगेच लहान कप मागू नका. आधी वाका, काखेकडचा भाग हाताने पुढे ओढून कपात घ्या, वायर छातीखालच्या घडीत बसवा. दोन कपांमधला भाग हाडाला टेकत नसेल तर बहुधा कप लहान पडतोय, पोकळी असली तरी!

कपड्यांची तऱ्हा आणखी न्यारी. कोरियाच्या १९८१च्या मापांत सरासरी तरुणीची १५५ सेंमी उंची, ८५ सेंमी छाती. शेवटचे आकडे जोडून झाला साइज ५५. सरकारी पद्धत बदलली, आकडा हटला नाही. वर त्याहून बारीक, ४४ व्हायची हौस. अंगाने ४४ व्हायचं आणि उरलेलं फोमने भरायचं, हा हिशेब मला आजतागायत जमलेला नाही. बाईने कसं दिसावं याचा तिथे धाकच एवढा, की २०१८मध्ये एमबीसी या कोरियन वाहिनीची निवेदिका चष्मा लावून बातम्या द्यायला बसली, तर तिचीच बातमी झाली.

हल्ली बिनवायरच्या ब्रा एस, एम, एलमध्ये मिळतात. तिथेही दोन्ही हात वर करून बघा. खालून काही डोकावलं तर परत टांगा.