हेन्री हार्वी वुड कारकून नव्हते

सध्या व्हॉट्सॲपवर एक लांबलचक मजकूर फिरतो आहे. त्याचे सार असे: स्कॉटलंडमधील एडिंबरा शहरात १९४७ मध्ये सुरू झालेला संगीत-नाट्याचा आंतरराष्ट्रीय महोत्सव ही रूडॉल्फ बिंग या एकट्या ऑपेरा-व्यवस्थापकाची निर्मिती आहे; ब्रिटिश कौन्सिलमधला हेन्री हार्वी वुड हा साहित्याचा अध्यापक त्यात केवळ कागद पुढे सरकवणारा कारकून होता; सगळा खर्च शर्यतीच्या एका घोड्याच्या कमाईतून निघाला; आणि त्या महोत्सवाच्या जोडीने भरणारा, पुढे प्रसिद्धीला आलेला ‘फ्रिंज’ हा निमंत्रणाविना होणाऱ्या प्रयोगांचा उत्सवही बिंग यांनीच आखला होता. शेवटी तात्पर्य दिले आहे की, जुन्या कविता संपादित करत बसणाऱ्यांच्या हातून संस्था उभ्या राहत नाहीत. माझी भाची जुन्या मराठी पोथ्यांच्या पाठसंपादनावर, म्हणजे वेगवेगळ्या प्रतींतल्या शब्दभेदांतून मूळ मजकूर ठरवण्याच्या कामावर, संशोधन करते. घरातल्याच वडीलधाऱ्यांनी ‘वाच आणि विचार कर’ असे सांगून तिला हा मजकूर पाठवला, त्यामुळे याकडे दुर्लक्ष करणे मला शक्य नाही.

सर्वांत निराधार आणि सर्वांत घातक मुद्दा कारकुनीचा आहे. हार्वी वुड (१९०३–१९७७) यांनी एडिंबरा विद्यापीठात इंग्रजी साहित्य शिकवले. पंधराव्या शतकातील स्कॉट कवी रॉबर्ट हेन्रीसन याच्या कविता आणि नीतिकथा त्यांनी १९३३ मध्ये संपादित केल्या आणि त्यानंतर शेक्सपिअरच्या काळातील इंग्रज नाटककार जॉन मार्स्टन याची नाटके तीन खंडांत सिद्ध केली. हेन्रीसनच्या नीतिकथांचे जे प्रमुख आधार आहेत, म्हणजे १५६८ चे बॅनटाइन हस्तलिखित आणि १५७१ ची बॅसेन्डाइनची छापील प्रत, ते कवीच्या मृत्यूनंतर कित्येक दशकांनी तयार झालेले आहेत. त्यामुळे ओळीओळीला कोणता पाठ का स्वीकारला, याची जबाबदारी संपादकाला घ्यावी लागते. असे काम केलेल्या माणसाकडे दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ब्रिटिश कौन्सिलच्या स्कॉटलंडमधील कार्याची सूत्रे आली. दोस्त राष्ट्रांचे सैनिक आणि निर्वासित त्या काळी एडिंबऱ्यात मोठ्या संख्येने होते आणि त्यांच्यासाठी सांस्कृतिक कार्यक्रम घडवून आणणे हे कौन्सिलचे तेव्हाचे काम होते. नाना देशांच्या लोकांना हे शहर कसे सामावून घेते, हे या माणसाने महोत्सवाच्या आधीच जवळून पाहिले होते.

महोत्सवाची जागा कशी ठरली, याची हकिगत स्वतः हार्वी वुड यांनी ‘द स्कॉट्समन’ या दैनिकाच्या ७ ऑगस्ट १९४७ च्या अंकात लिहिली आहे. ती मिळवून वाचली असती, तर हा मजकूर कोणी पुढे पाठवलाच नसता. लंडनमध्ये हॅनोव्हर स्क्वेअरमधील एका उपाहारगृहात दुपारच्या जेवणाच्या वेळी ही चर्चा प्रथम झाली. शहर कसे असावे, याच्या अटी त्या लेखात आहेत: पन्नास हजार ते दीड लाख पाहुण्यांची सोय व्हावी, ऑस्ट्रियातील साल्झबर्ग या महोत्सवाच्या शहरासारखे निसर्गसौंदर्य असावे, नाट्यगृहे आणि सभागृहे पुरेशी असावीत आणि मुख्य म्हणजे नगरपालिकेच्या इमारतीपुरता न राहता साध्यातल्या साध्या नागरिकाच्या घरातही हा महोत्सव आपला मानला जावा. या अटी समोर असताना एडिंबऱ्याचे नाव सुचवले ते हार्वी वुड यांनी, आणि प्राथमिक चाचपणी करण्याचे आश्वासनही त्यांनीच दिले. पुढे लेडी रोझबेरी, नाटककार जेम्स ब्रायडी, ‘स्कॉट्समन’चे संपादक मरी वॉटसन आणि नगरप्रमुख सर जॉन फाल्कनर अशा माणसांपर्यंत ही कल्पना पोहोचली आणि तिला शहराचा आधार मिळाला. कार्यक्रम समितीचे अध्यक्षपदही हार्वी वुड यांच्याकडे होते. या कामाला कारकुनी म्हणणारा माणूस महोत्सव कसा उभा राहतो हे जाणत नाही.

नागरिकांच्या घराविषयीची ती अट पुढे खरी ठरली. कोळशाच्या टंचाईमुळे एडिंबऱ्याच्या किल्ल्यावर रोषणाई करण्यास इंधनमंत्री इमॅन्युएल शिनवेल यांनी मनाई केली, तेव्हा लोकांनी आपल्या वाट्याचा रेशनचा कोळसा देऊ केला आणि अखेर परवानगी मिळाली. शहराची ही नस लंडनमध्ये बसून ओळखता आली नसती.

आता बिंग यांच्याविषयी. मूळ कल्पना त्यांची होती, हे मान्य करावेच लागेल, आणि हार्वी वुड यांनीही ते कधी लपवले नाही. युरोपातील उद्ध्वस्त केंद्रांत मोठे संगीतमहोत्सव इतक्यात भरणार नाहीत, तेव्हा ब्रिटनमध्ये एक सुरू करावा, हे ग्लाइंडबोर्नच्या ऑपेराचे व्यवस्थापक असलेल्या बिंग यांनीच मांडले. पहिले संचालक तेच होते. १९३८ मध्ये ऑस्ट्रिया नाझींच्या ताब्यात गेल्यामुळे व्हिएन्ना फिलहार्मोनिक वाद्यवृंदापासून दुरावलेले ब्रूनो वॉल्टर १९४७ मध्ये एडिंबऱ्याच्या मंचावर पुन्हा त्याच वाद्यवृंदासमोर उभे राहिले, यात बिंग यांच्या ओळखींचा आणि चिकाटीचा वाटा मोठा आहे. पण तेच बिंग आधी ऑक्सफर्डचा विचार करत होते. कल्पना एकाची आणि तिला तिचे शहर मिळवून देणारा दुसरा, असे असताना पहिल्याला ‘एकटा’ म्हणणे हे दुसऱ्याचे कर्तृत्व पुसून टाकणे आहे.

घोड्याची गोष्ट अर्धी खरी आहे. लेडी रोझबेरी यांचे पती लॉर्ड रोझबेरी यांनी ‘ओशन स्वेल’ या घोड्याच्या बक्षिसाचे सुमारे १०,००० पौंड दिले. मात्र शहराच्या नगरपालिकेने आणि कलांना सरकारी अनुदान देणाऱ्या आर्ट्स कौन्सिलने प्रत्येकी २०,००० पौंड घातले. मोठा वाटा सार्वजनिक पैशाचा होता.

फ्रिंजविषयीचे विधान तर सरळ चूक आहे. १९४७ मध्ये निमंत्रण नसलेले आठ नाट्यगट स्वतःहून आले आणि त्यांनी आपले प्रयोग केले. ‘फ्रिंज’ हे नाव रुळले ते पुढच्या वर्षी नाटककार रॉबर्ट केम्प यांनी तो शब्द वापरल्यानंतर. त्याची योजना ना बिंग यांनी आखली होती, ना हार्वी वुड यांनी.