जिमी हिल पळाला का? एका प्रतिक्रियेला उत्तर

जिमी हिल या इंग्लिश फुटबॉल मॅनेजर आणि टीव्ही-समालोचकावरच्या माझ्या लेखावरची तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. ‘संघ पहिल्या डिव्हिजनच्या उंबरठ्यावर असताना पैशासाठी टीव्हीत पळालेल्या माणसाची आरती कशाला?’ असं तुम्ही विचारलंत. शिवाय १९७७चं प्रकरण मी गाळलं, असंही म्हणालात. ते गाळलं हे खरं, आणि चूक माझीच. पण ‘पळाला’ काही पटत नाही.

हिल १९६१च्या नोव्हेंबरात कॉव्हेंट्री या इंग्लिश क्लबचा मॅनेजर झाला तेव्हा क्लब तिसऱ्या डिव्हिजनमध्ये होता (पहिली म्हणजे तेव्हाची सगळ्यात वरची). १९६४ला ती जिंकली, १९६७ला दुसरी. आणि वरचा हंगाम तोंडावर आला असताना तो निघाला. चाहत्यांच्या जिव्हारी लागलंच असणार. पण क्लब बुडाला का? पहिल्या वर्षी कसाबसा तगला आणि पुढे २००१पर्यंत, सलग ३४ वर्षं, वरच राहिला.

पैशाचं म्हणाल तर याच माणसाने खेळाडूंच्या संघटनेचा अध्यक्ष म्हणून त्यांच्या पगारावरची आठवड्याला २० पौंडांची कमाल मर्यादा उठवायला लावली. फुलम क्लबमधला त्याचा सहकारी जॉनी हेन्स १०० पौंडांवर गेला. हिलचं स्वतःचं खेळणं मात्र त्याच वर्षी, १९६१ला, संपलं!

आणि टीव्हीवर तरी त्याने वेगळं काय केलं? कॉव्हेंट्रीत आकाशी निळे कपडे आणले, क्लबचं गाणं रचलं, बाहेरगावच्या सामन्यांना चाहत्यांसाठी खास आगगाडी सोडली. स्टँडमधल्या माणसाला मजा यायला हवी, हे त्याचं वेड. आयटीव्हीच्या जाळ्यातल्या लंडन वीकेंड टेलिव्हिजनवर तो तेच घेऊन गेला. १९७०च्या विश्वचषकात आयटीव्हीवर मॅल्कम ॲलिसन, पॅट क्रेरंड, डेरेक डुगन, बॉब मॅकनॅब अशी फुटबॉलमधलीच मंडळी एकत्र बसवली आणि बिनधास्त भांडू दिली. आज प्रत्येक वाहिनीवर दिसणारा तो कट्टा तिथून रुजला. (त्यातले निम्मे आज ऐकवत नाहीत, पण तो दोष हिलचा नाही.) १९७३पासून बीबीसीवर ‘मॅच ऑफ द डे’ हा शनिवारी रात्रीचा फुटबॉलचा कार्यक्रम. त्याच्या लांब हनुवटीची टिंगल तर शाळकरी पोरंही करायची.

आता १९७७. खरं बोट इथे ठेवायला हवं होतं. हंगामाच्या शेवटच्या दिवशी कॉव्हेंट्री, ब्रिस्टल सिटी आणि संडरलंड तिघांवरही खाली घसरायची टांगती तलवार. कॉव्हेंट्री-ब्रिस्टल सामना गर्दीमुळे उशिरा सुरू झाला. एव्हर्टनकडून संडरलंड हरल्याचं फलकावर झळकलं तेव्हा इथे २-२ होतं. आता बरोबरी दोघांनाही पुरणार होती, मग दोन्ही संघांनी उरलेली मिनिटं चेंडू नुसता इकडून तिकडे ढकलला. दोघेही वाचले, संडरलंड खाली गेला. हिल तेव्हा कॉव्हेंट्रीचा मॅनेजिंग डायरेक्टर होता, आणि त्याच वेळी बीबीसीचा चेहराही. ज्या खेळावर शनिवारी रात्री निवाडा द्यायचा, त्याच खेळातल्या एका क्लबची सूत्रं हातात. माझ्या मते त्याच्या कारकिर्दीतलं हे सगळ्यात अवघड जागेचं दुखणं. संडरलंडकर ते अजून विसरलेले नाहीत, आणि विसरावं तरी का?

हा परिच्छेद मूळ लेखात आज रात्री घालतो. ‘पळाला’ मात्र घालणार नाही.