नोटीस आलीय? आधी उत्सव पार पडू द्या

विरोधी गटाने देवस्थानाचे नवे विश्वस्त म्हणून स्वतःचीच नावे लावून चेंज रिपोर्ट (विश्वस्त बदलल्याची नोंद करून घेण्याचा अर्ज) टाकला आणि धर्मादाय कार्यालयाची नोटीस तुमच्या दारी आली, तर गडबडून जाऊ नका. पोस्टमनला ‘विश्वस्त बाहेरगावी’ सांगून वाटेला लावा. पाकिटावर ‘घेण्यास नकार’ असा शेरा पडला की नोटीस पोचलीच असे धरतात, पण त्यामुळे पालखी थोडीच थांबते! तारखेलाही जाऊ नका. हुकूम एकतर्फी झाला की ‘आमचे ऐकलेच नाही’ म्हणत गावभर फिरता येते.

महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियम, 1950 च्या कलम 70 खाली अपिलाला 60 दिवस आहेत. तेही हुकमाच्या तारखेपासून, कागद तुमच्या हाती पडल्यापासून नव्हे. श्रावण, गणपती, नवरात्र एवढ्यात ते सहज संपतात. हुकमाची प्रमाणित नक्कल मिळायला लागलेले दिवस मुदतीतून वजा होतात, म्हणून नकलेचा अर्ज मुळीच वेळेवर करू नका. केलाच, तर नक्कल तयार होऊनही महिनाभर आणायला जाऊ नका. ते दिवस तुमच्याच नावावर चढतात.

मग विलंब माफीचा अर्ज. ‘पुरेसे कारण’ म्हणून अध्यक्षांच्या आजारपणाचा दाखला जोडा, आणि त्याच आठवड्यात त्यांनी पालखीला खांदा दिल्याचा फोटो व्हॉट्सअ‍ॅपवर असू द्या. सर्वोच्च न्यायालयाने 1987 च्या कातिजी प्रकरणात विलंबाकडे उदारपणे पाहायला सांगितले आहे, तो निकाल लावा. उदार व्हायला मुळात कारण खरे लागते, ही बारीक अट वकिलांना आठवू देऊ नका. तोवर अपील दाखलच नाही, म्हणून स्थगितीही नाही. दानपेटीची किल्ली, बँकेतल्या सह्या, गाळ्यांचे भाडे सगळे पलीकडच्यांकडे.

कुणीतरी म्हणेलच, ‘थेट उच्च न्यायालयात रिट याचिका करू, रिटला मुदत नसते.’ बरोबर. म्हणून तीन वर्षांनी जा. उशीर का केला आणि अपिलाची वाट का सोडली, एवढे दोनच प्रश्न येतील.

आणखी एक जुनी सोय. विश्वस्त बदलला की 90 दिवसांत चेंज रिपोर्ट द्यायचा असतो. तुमच्या आजोबांनंतर कुणी दिलाच नसेल तर उत्तम! अपिलात समोरचा वकील उभा राहून शेड्यूल एकचा, म्हणजे विश्वस्तांची नावे असलेल्या सरकारी नोंदवहीचा, उतारा दाखवतो आणि विचारतो, हे अपीलदार नेमके कोण?

बैठकीत धीर द्यायला तमिळनाडूतल्या चिदंबरमच्या नटराज मंदिराचे उदाहरण ठेवा. 1987 मध्ये सरकारी खात्याने मंदिरावर नेमलेला कार्यकारी अधिकारी, 6 जानेवारी 2014 ला सर्वोच्च न्यायालयात दीक्षितर, म्हणजे तिथले परंपरागत पुजारी, जिंकले. 26 वर्षांहून जास्त! दीक्षितर उच्च न्यायालयात त्याच 1987 साली गेले होते, एवढे मात्र चहा येईपर्यंत बोलू नका.