मंत्रालयाच्या दारातली रांग

मंत्रालयात शिरायचं तर आता चेहरा ओळखणारं यंत्र आहे, ‘डिजिप्रवेश’ ॲपवरचा पास आहे. २०२५ मध्ये ही पद्धत आल्यापासून गावाकडच्या मित्रांचे दोन तट पडलेत. एक म्हणतो, दलालांची वर्दळ थांबेल. दुसरा म्हणतो, गरिबाला दार बंद केलं. आणि दोघेही मलाच विचारतात, तुमच्या लंडनला कसं असतं?

लंडनला याहून कडक असतं. व्हाइटहॉलवर ओळीनं सरकारी खाती आहेत. हातात अर्ज घेऊन त्यांतल्या एकातही मी सहज जाऊ शकत नाही. पंतप्रधान राहतात त्या डाउनिंग स्ट्रीटच्या तोंडाशी तर १९८९ पासून लोखंडी फाटक आहे. पण माझं तिथं अडतच नाही. घराचं, कराचं, शाळेचं काम कौन्सिलात, म्हणजे स्थानिक पालिकेत होतं. तिथं दाद लागली नाही तर खासदाराला भेटायचं, मतदारसंघातल्याच एखाद्या वाचनालयात नाहीतर चर्चच्या सभागृहात. किंवा संसदेत झडती द्यायची आणि सेंट्रल लॉबीत हिरवं कार्ड भरून त्यांना आत निरोप धाडायचा. २०२१ मध्ये डेव्हिड एमेस या खासदाराचा मतदारांना भेटत असतानाच चर्चमध्ये खून झाला. त्यानंतर बंदोबस्त वाढला, तरी भेटी बंद झाल्या नाहीत. हे मला फार मोलाचं वाटतं.

आपल्याकडे धुळे जिल्ह्यातल्या विखरणचे शेतकरी धर्मा पाटील जमिनीच्या मोबदल्यासाठी हेलपाटे घालून थकले आणि जानेवारी २०१८ मध्ये त्यांनी मंत्रालयातच विष घेतलं. त्यांना दारात कुणी अडवलं नव्हतं. आत जाऊनही त्यांच्या पदरात काही पडलं नाही. पुढच्याच महिन्यात, वरून उडी मारून कुणी जीव देऊ नये म्हणून, मंत्रालयात जाळी बसली. त्या जाळीवर ऑक्टोबर २०२४ मध्ये उडी घेतली ती विधानसभेचे तेव्हाचे उपाध्यक्ष नरहरी झिरवाळ यांनी! ज्यांना मंत्रालयाचं कुठलंच दार बंद नाही, त्यांनाही आपलं म्हणणं ऐकवायला जाळीवर उतरावं लागलं.

म्हणून यंत्राला माझा विरोध नाही. धुळ्याच्या शेतकऱ्याला मुंबई गाठावी लागते, याला आहे. तहसीलदार, प्रांत, कलेक्टर एवढे टप्पे ओलांडूनही कागद हलत नसेल, तर रांग मंत्रालयाच्या दारात लागणारच.

ॲपवर पास काढताना माणूस कोणत्या खात्याकडे चाललाय याची नोंद होतेच. त्यात जिल्हा आणि काम किती दिवस रखडलंय, एवढं जोडा. दर महिन्याला तो तक्ता जाहीर करा आणि ज्या जिल्ह्यातून सर्वाधिक माणसं आली, तिथल्या कलेक्टरांकडून खुलासा मागवा.